सोऱ्याच्या भावावर वसलेली गावे

दक्षिण अमेरिकेचा नकाशा समोर घ्या. पश्चिम किनाऱ्याला वाळत घातलेल्या मिरचीसारखा एक लांबच लांब, चिंचोळा देश दिसेल. तो चिली. त्याच्या वरच्या टोकाकडे बोट सरकवीत गेलात म्हणजे इकीके नावाचे बंदर लागते. समोर प्रशांत महासागर, पाठीशी सरळ उभा चढलेला डोंगरकडा, त्याच्या पायथ्याशी वाळूची एक अजस्र टेकडी, आणि कड्यावर चढून गेले की अटाकामाचे वाळवंट! जगातल्या अत्यंत कोरड्या प्रदेशांत त्याची गणना होते. काही ठिकाणी वर्षानुवर्षे पावसाचा थेंब पडत नाही. हवेत ओल म्हणून काय ती समुद्रावरून येणाऱ्या धुक्याची. त्या धुक्याला इकडचे लोक कामांचाका म्हणतात.

अशा या रुक्ष बंदरात बाकेदानो नावाचा एक रस्ता आहे. त्यावरून चालताना मनुष्य बुचकळ्यात पडतो. दोन्ही बाजूंना ओळीने लाकडी घरे. पुढे नक्षीच्या खांबांचे व्हरांडे, माथ्यावर सपाट गच्ची आणि गच्चीला ऊन लागू नये म्हणून तिच्यावर आणखी एक छप्पर. हे लाकूड ओरेगॉन पाइनचे, म्हणजे हजारो मैलांवरून, उत्तर अमेरिकेतून जहाजाने आणलेले. चौकात लाकडी घड्याळाचा मनोरा, त्याच्या शेजारी १८८९ साली उभारायला घेतलेले देखणे नाट्यगृह. जिथे गवताची काडी उगवत नाही, पिण्याचे पाणीसुद्धा एके काळी समुद्राचे पाणी उकळून काढावे लागे, तिथे हा थाट कोणाच्या जिवावर?

उत्तर एका शब्दात देता येईल. सोरा!

शाळेच्या रसायनशास्त्रात आपण ‘चिली सॉल्टपीटर’ हे नाव घोकलेले असते. सोडियम नायट्रेट ते हेच. अटाकामाच्या मातीखाली हात-दोन हात खोल कालीचे नावाचा एक कठीण थर असतो. त्या थरात हा क्षार असतो. पाऊस पडला असता तर तो केव्हाच विरघळून समुद्राला मिळाला असता. पाऊस नाही म्हणून तो राहिला. या क्षारातला नत्र पिकाला खत म्हणून हवा आणि सुरुंगाच्या दारूलाही हवा. एकोणिसाव्या शतकात युरोपची शेते थकत चालली होती आणि खाणी व तोफा भुकेल्या होत्या. दोघांनाही एकच माल पाहिजे होता. मग भाव चढायला काय वेळ?

या भावाचा एक धागा आपल्याकडेही येऊन पोहोचतो. त्यापूर्वी जगाला तोफेच्या दारूसाठी लागणारा सोरा मुख्यतः हिंदुस्थानातून जात असे. बिहारमध्ये नोनिया जातीचे लोक जुन्या वस्तीची खारट माती खरवडून, धुऊन, आटवून तो काढीत. पाटणा ही त्याची मोठी पेठ, आणि ईस्ट इंडिया कंपनी त्याची मोठी गिऱ्हाईक. तो पोटॅशियमचा सोरा. पुढे दक्षिण अमेरिकेचा स्वस्त सोरा आणि जर्मनीच्या खाणींतले पोटॅश यांपासून युरोपातच तसा सोरा तयार होऊ लागला, आणि पाटण्याच्या पेठेचे महत्त्व ओसरले. एका वाळवंटाची भरभराट झाली तेव्हा दुसरीकडच्या भट्ट्या थंडावल्या. हा खेळ लक्षात ठेवावा, कारण पुढे तोच डाव अटाकामावर उलटला.

हे वाळवंट मुळात सगळे चिलीचे नव्हते. इकीकेसह तारापाका प्रांत पेरूचा होता आणि दक्षिणेचे आंतोफागास्ता बंदर बोलिव्हियाचे. खाणी मात्र बऱ्याचशा चिलीच्या आणि इंग्रजांच्या भांडवलावर चालत. १८७८ साली बोलिव्हियाने निर्यात होणाऱ्या सोऱ्यावर दर क्विंटलला दहा सेंटाव्हो कर बसवला. तिकडचा क्विंटल म्हणजे आपला सुमारे ४६ किलो. एवढ्याशा करावरून वाद पेटला. १४ फेब्रुवारी १८७९ रोजी चिलीचे सैन्य आंतोफागास्तात उतरले आणि पेरू, बोलिव्हिया व चिली अशा तीन देशांचे युद्ध जुंपले. अखेरीस पेरूने तारापाका गमावला. बोलिव्हियाने तर आपला सगळा समुद्रकिनाराच गमावला. तो देश आजतागायत समुद्रावाचून आहे.

युद्धाच्या धामधुमीत एक यॉर्कशायरचा कारागीर मात्र शांतपणे हिशेब करीत होता. त्याचे नाव जॉन टॉमस नॉर्थ. पेरू सरकारने सोऱ्याच्या खाणी ताब्यात घेऊन मालकांना रोखे दिले होते. युद्धात त्या रोख्यांचा भाव मातीमोल झाला. नॉर्थने ते स्वस्तात गोळा केले. पुढे चिलीने ‘रोखा ज्याच्या हाती, खाण त्याची’ असे धोरण स्वीकारले, आणि कालचा कारागीर लंडनच्या बाजारात ‘सोऱ्याचा राजा’ म्हणून मिरवू लागला.

इकीकेहून कडा चढून पूर्वेकडे पंचेचाळीस-सत्तेचाळीस किलोमीटर गेले की हंबरस्टोन आणि सांता लाउरा ही दोन गावे लागतात. गावे म्हणायचे, पण त्यांत राहत कोणीच नाही. १९६० साली दोन्ही बंद पडली. २००५ मध्ये युनेस्कोने त्यांना जागतिक वारसा म्हणून मान दिला, त्यामुळे आता तिकीट काढून आत जाता येते. वाऱ्याने पत्रे खडखडतात. बाकी आवाज नाही. नाट्यगृह आहे, बाकांच्या रांगा तशाच आहेत. शाळा आहे. देऊळ आहे. लोखंडी पत्र्यांचा एक पोहण्याचा तलाव आहे, तोही कोरडा ठणठणीत. कामगारांच्या घरांच्या लांबच लांब चाळी पाहिल्यावर आपल्याकडच्या गिरणगावाची आठवण झाल्यावाचून राहत नाही.

सांता लाउराला जुना कारखाना अजून उभा आहे. फोडलेला कालीचे मोठमोठ्या टाक्यांत टाकायचा, वाफेने तापवलेल्या पाण्यात उकळायचा, गाळ खाली बसू द्यायचा, वरचे पाणी पसरट हौदांत सोडायचे. रात्रीच्या थंडीत ते निवले की तळाशी पांढरे स्फटिक धरतात. आपल्या आगरातल्या मिठाचीच ही बहीण म्हणा ना! ही रीत इंग्लंडातल्या सोड्याच्या कारखान्यांत शँक्स याने काढलेली. जेम्स हंबरस्टोन या इंग्रज रसायनज्ञाने ती येथे रुळवली, म्हणून गावाला पुढे त्याचे नाव मिळाले. पोत्यांत भरलेला माल रेल्वेने इकीकेला जाई आणि तेथून शिडांच्या जहाजांतून केप हॉर्नला वळसा घालून युरोपात. आगबोटींचे युग सुरू झाले तरी या मालाला शिडाची जहाजेच परवडत. सोरा नासत नाही, आणि वाऱ्याला कोळसा लागत नाही.

हंबरस्टोनमधील पाहण्याची खरी जागा म्हणजे पुल्पेरिया, अर्थात कंपनीचे दुकान. भांड्यांपासून कापडापर्यंत सारे येथे मिळे. पण कामगाराला मजुरी बहुधा नाण्यांत मिळत नसे. फिचा नावाचे बिल्ले मिळत. ते बिल्ले ज्या त्या कंपनीच्याच दुकानात चालत. शेजारच्या खाणीत त्यांची किंमत मोडून मिळे किंवा मिळतच नसे. म्हणजे मजुरी ठरवणारा आणि साखरेचा भाव ठरवणारा हात एकच! आपल्या गृहिणींना यातली मेख समजावून सांगायला नको.

दुसरी मेख चलनाची होती. सोरा विकला जाई पौंडांत आणि मजुरी ठरे चिलीच्या कागदी पेसोंत. पेसो घसरला की निर्यातदाराचा फायदा वाढे आणि मजुराची भाकरी लहान होई. डिसेंबर १९०७ मध्ये कामगारांनी संप पुकारला. मागण्या साध्या होत्या: मजुरी अठरा पेन्सांच्या पेसोने द्या, बिल्ले पूर्ण किमतीने घ्या, दुकानातल्या मापांवर देखरेख ठेवा. हजारो माणसे बायकामुलांसह वाळवंटातून खाली इकीकेला आली आणि सांता मारिया शाळेत उतरली. २१ डिसेंबरच्या दुपारी सैन्याने शाळेवर मशीनगनी चालवल्या. किती माणसे गेली याविषयी आजही एकमत नाही. काही अभ्यासक काही शेकडे मानतात, काही दोन हजारांच्या वर जातात. बाकेदानो रस्त्यावरच्या सुंदर घरांचा हिशेब मांडताना ही बाजूही त्याच वहीत मांडावी लागते.

चिलीच्या सरकारला मात्र तेव्हा चिंता नव्हती. निर्यातीच्या जकातीतून सरकारी उत्पन्नाचा निम्म्याच्या आसपास भाग येत असे. भाव उतरले तर खाणमालक एकत्र जमून उत्पादन आवरते घेत आणि भाव पुन्हा चढवीत. माल जगात दुसरीकडे कुठे नव्हताच, मग भिती कशाची? १८९८ साली विल्यम क्रुक्स या शास्त्रज्ञाने इंग्लंडात जाहीर इशारा दिला की हा सोरा एक दिवस संपेल आणि गहू खाणाऱ्या जगावर उपासमारीची पाळी येईल. रसायनशास्त्रज्ञांनी हवेतला नत्र पकडण्याची विद्या शोधली पाहिजे. मालकांना वाटले असेल, शोधू देत बापडे!

१९०९ मध्ये जर्मनीत फ्रिट्झ हाबर याने ती विद्या साधली. हवेतला नायट्रोजन आणि हायड्रोजन प्रचंड दाबाखाली एकत्र आणून त्याने अमोनिया तयार केला. कार्ल बॉश याने त्याचा कारखाना उभा केला, आणि १९१३ च्या सप्टेंबरात ओपाऊ येथे उत्पादन सुरू झाले. गंमत पाहा, त्याच १९१३ साली चिलीची निर्यात सत्तावीस लाख टनांच्या घरात पोहोचली होती! शिखरावर उभ्या असलेल्या माणसाच्या पायाखालचा दगड त्याच घडीला सुटला होता. पुढच्या वर्षी महायुद्ध पेटले, ब्रिटिश आरमाराने जर्मनीचा सोरा तोडला, आणि अडलेल्या जर्मनीने हे कारखाने झपाट्याने वाढवले. युद्ध संपल्यावर ते काही मोडून टाकायचे नव्हते. इतर देशांनीही ते उभारले.

नंतर १९२९ ची मंदी आली. १९२९ ते १९३२ या काळात चिलीच्या निर्यातीची किंमत ऐंशी टक्क्यांहून अधिक घसरली. राष्ट्रसंघाच्या पाहणीत मंदीचा सर्वांत जबर तडाखा बसलेला देश म्हणून चिलीचेच नाव आले. हजारो खाणकामगार कुटुंबांसह दक्षिणेकडे निघाले. वाळवंटातली गावे एकामागून एक ओस पडली. घरांचे पत्रे, खिडक्या, लाकूड भंगारात विकले गेले. कालीचे संपला नव्हता. फक्त त्याचा भाव आता अटाकामात ठरत नव्हता; तो ऱ्हाइन नदीकाठच्या कारखान्यात ठरत होता.

याच विद्येवर आज आपणही जेवतो. अलिबागजवळच्या थळला किंवा मुंबईत ट्रॉम्बेला जो खताचा कारखाना दिसतो, तो हाबरच्याच मार्गाने नैसर्गिक वायूपासून अमोनिया करतो. शिवाय आपला देश युरिया आयात करतो, आणि भारताच्या खरेदीची निविदा निघाली की जगभरच्या युरियाचा भाव हलतो. विदर्भातल्या कापसाच्या शेतापासून अटाकामाच्या ओसाड गावापर्यंत नत्राची ही गोष्ट अशी एकच आहे.

पण अटाकामाचा बाजार उठला असे समजू नका. कालीचेतून सोऱ्याबरोबर आयोडीन निघते, आणि जगाच्या आयोडीनचा निम्म्याहून अधिक भाग आजही चिलीतूनच येतो. त्याहून मोठा माल आहे लिथियम. आंतोफागास्ताच्या मागे उंचावर मिठाचे एक विस्तीर्ण मैदान आहे. त्याच्या पोटातले खारे पाणी उपसून निळ्या-हिरव्या हौदांत महिनोन् महिने उन्हात आटवतात. त्यापासून होणारे लिथियम कार्बोनेट आपल्या खिशातल्या फोनमध्ये आणि रस्त्यावरच्या विजेच्या गाडीत जाते. पद्धत पाहिली तर सांता लाउराचेच हौद. फक्त वाफेऐवजी सूर्य.

आणि भाव? २०२२ च्या अखेरीस चीनच्या बाजारात या कार्बोनेटचा टन सहा लाख युआनच्या आसपास गेला होता. २०२४ च्या आरंभी तो एक लाखाच्या आसपास आला. नव्या खाणी निघाल्या, माल उदंड झाला, गाड्यांची मागणी अपेक्षेइतकी धावली नाही. त्यातच लिथियमऐवजी सोडियमवर चालणाऱ्या बॅटऱ्या बाजारात येऊ लागल्या आहेत. प्रयोगशाळेतले दिवे कुठे ना कुठे जळतच असतात.

तरीही आजच्या चिलीला जुन्या चिलीइतके भोळे म्हणता येणार नाही. लिथियम उपसणाऱ्या कंपन्यांशी सरकारने असे करार केले आहेत की भाव चढेल तसा सरकारचा वाटा चढत जातो. टनाला दहा हजार डॉलरवर गेलेल्या भागातले चाळीस टक्के सरकारला. तांब्याच्या तेजीतले पैसे मंदीसाठी बाजूला ठेवण्याचा निधी त्यांनी २००७ मध्ये सुरू केला. पगारवाढ झाली म्हणून लगेच मोठ्या भाड्याची जागा न घेणाऱ्या शहाण्या कुटुंबासारखेच हे वागणे आहे. ते किती टिकते, ते पुढची मंदी सांगेल.

इकीकेला जाण्याचा योग आलाच तर नाट्यगृह आणि बाकेदानोची घरे जरूर पाहा. पण एक सबंध दिवस हंबरस्टोनला ठेवा. पाण्याची बाटली आणि डोक्याला टोपी विसरू नका. सावली फक्त पुल्पेरियाच्या छपराखाली मिळते. तेथे काचेआड ते जुने बिल्ले मांडून ठेवले आहेत. मुले बरोबर असतील तर त्यांना ते दाखवा, आणि त्यांत तेव्हा किती साखर येत असेल याचा हिशेब त्यांनाच करू द्या.