पाकीट

भाच्यानं परवापासून शूटिंगवर पाकिटं बंद केली. गर्दीतल्या माणसांचे पैसे आता फोनवरून, पॅकअपच्या आधीच. "मामा, तुमचा रात्रीचा दरबार संपला," म्हणाला. मी हसलो, पण लागलं.

मालिकावाल्याला वेगळं सांगायला नको. भाग रोज द्यायचा, चॅनेलचे पैसे ९० दिवसांनी, खर्च मात्र आज सांजेला. नट, पाऊस, ऐनवेळी बदललेला सीन, सगळं निभावलं. एकच कोडं कधी सुटलं नाही : पैसे कमी पडले तर आधी पाकीट कुणाचं?

वडील पेठ वडगावच्या बाजारात अडते. हमालाचा हिशोब दिवेलागणीला, व्यापारी थांबेल, हा त्यांचा नेम. मी तो उलटा केला. नायिका रुसली तर उद्याचा भाग बुडतो. गर्दीतली म्हातारी कुठं जाणार? एकदा मोरेवाडीला, चित्रनगरीत, शेवटचं पाकीट द्यायला साडेदहा वाजले. घेणारी वडगावचीच निघाली. पदराच्या टोकाला नोटा बांधत म्हणाली, "मालक, एस्टी गेली की हो." तिला गाडीत घेतलं. वाठारचा फाटा येईपर्यंत ती माझ्या वडलांचं कौतुक करत होती. तिचा नवरा त्यांच्याकडं हमाल होता.

पैसा घालणाऱ्याचं नाव मात्र होत नाही. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांचा कॅमेरा शाळकरी पोरालाही ठाऊक. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला पैसा पुरवणाऱ्या तानीबाई कागलकर किती जणांना ठाऊक? १९२९ साली इथंच 'प्रभात' निघाली. तिच्या पाच भागीदारांतले सीतारामपंत कुलकर्णी सराफ. नाव झालं दामले, फत्तेलाल, शांतारामांचं. आजचा निर्माता म्हणजे चॅनेलचा मुकादम. पडद्यावर नाव येतं तेव्हा लोक पाणी प्यायला उठतात.

म्हणूनच मला ती रांग हवी असायची. दिवसभर ज्याला कुणी विचारलं नाही, त्याच्यापुढं रात्री चाळीस माणसं उभी, आणि प्रत्येकाच्या तोंडी 'मालक'. उशीर पैशापायी होतो, असं मी सांगायचो. ते निम्मंच खरं.

त्या रात्री पैसे आठला आले होते. एस्टी नऊची होती.