झाकली मूठ

काकूच्या तर्जनीवर दोऱ्याची खाच होती. नागपूरच्या इतवारीतल्या आमच्या किराणा दुकानात छताला रीळ टांगलेलं असे. दोरा ओढायचा, पुडीला दोन वेढे द्यायचे, झटक्यात तोडायचा. मोठे काका गेल्यावर धाकटे काका तराजूवर आणि ती पुड्यांवर, अशी कितीतरी वर्षं गेली. पुन्हा लग्न का नाही केलंस, असं मी एकदा विचारलं. "काहून विचारून राहिली तू? झाकली मूठ सव्वा लाखाची."

जपानी दिग्दर्शक मिकिओ नारुसेच्या 'मिदारेरु' या चित्रपटातली (१९६४) रेइको अशीच. युद्धात नवरा गेला, सासरचं दुकान तिनं १८ वर्षं चालवलं. धाकटा दीर कोजी प्रेम असल्याचं सांगतो, तेव्हा ती माहेरची गाडी धरते. तोही त्याच गाडीत. वाटेत ती त्याच्या बोटाला कागदी दोरा बांधते. सकाळी त्याचं प्रेत नेतात, तर लोंबणाऱ्या हाताच्या बोटात तो दोरा तसाच.

पण काकूच्या म्हणीत सव्वाच का? नुसतं लाख म्हटलं असतं तर हिशेब पुरा झाला असता. देवापुढे आपण सव्वा रुपया ठेवतो, सत्यनारायणाचा शिरा सव्वाच्या मापानं करतो. पुऱ्यावर पाव जास्त, वाढतं राहावं म्हणून. मुठीतले लाख घराण्याच्या अब्रूचे, हे कळतं. वरचे पंचवीस हजार कुणाचे? तिचे एकटीचे असावेत, असं मला फार वाटतं. पण मूठ रिकामीही असू शकते. रिकामी असते म्हणूनच तर झाकायची, असाही म्हणीचा अर्थ लागतो. मग ते पंचवीस हजार मीच तिथे ठेवले.

'जैत रे जैत'मधली (१९७७) स्मिता पाटीलची चिंधी नावडता नवरा सोडून सरळ मनातल्या नाग्याकडे येते. शेवटी जीव तिचाच जातो, पण मूठ तिनं झाकली नाही. आमच्या विदर्भातल्याच कितीतरी समाजांत विधवेचा धाकट्या दिराशी पाट लागायचा, उजळ माथ्यानं. आमच्या घरात तो शब्द तोंडातही आणायचा नव्हता. दोन गल्ल्यांच्या अंतरानं तीच गोष्ट रीत होते आणि तीच पाप.

धाकटे काका गेले. चौदाव्या दिवशी काकू दुकानात येऊन बसली. रिळातून दोरा ओढून बोटाला गुंडाळत राहिली. हातात पुडी नव्हती. सवयीनं हात चालत असेल. मी समोर उभी होते. माझ्याकडे लक्ष जाताच तिनं दोरा उलगडला आणि विचारलं, "काय देऊ?"