हप्त्यावरचा संसार

नवा संसार म्हटला की खाट, कपाट, मिक्सर, पंखा, यादी संपतच नाही. लग्नानंतर नोकरीनिमित्त मोलगीला बिऱ्हाड केले तेव्हा आमची यादीही अशीच लांब होती. पगार एकाचा, खोली भाड्याची. त्यात दोन्हीकडची वडीलधारी मंडळी येणार. रिकामे घर पाहून ती काय म्हणतील, ही धास्ती!

देवगोईचा घाट उतरून तालुक्याला गेलो. एका दुकानदाराने हिशेब मांडला : 12,000 रुपयांचे सामान, व्याज फक्त 12 टक्के, दरमहा 1,120 रुपये, वर्षभर. आम्ही तिथेच कागद-पेन मागितले. दरमहा 1,000 रुपये मुद्दल आपण फेडतो, पण व्याज शेवटपर्यंत पूर्ण 12,000 वर लागते. म्हणजे खरा दर सुमारे साडेएकवीस टक्के! 'शून्य टक्के व्याजा'चेही तसेच. असे काही नसतेच, व्याज शुल्कात दडवले जाते, असे रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर 2013 मध्ये बँकांना बजावले होते.

घरी येऊन यादीचे दोन भाग केले. कमाई देणारी वस्तू कर्जाने, बाकीच्या रोखीने. बचत गटातून 8,000 रुपये घेऊन शिलाई मशीन आणले. शेकडा एक रुपया व्याज, तेही उरलेल्या रकमेवर. दहा महिन्यांत एकूण व्याज झाले 440. दुकानदाराच्या पद्धतीने ते 800 झाले असते.

इथल्या पाड्यांवरच्या बाया उन्हाळ्यात कैऱ्या वाळवून आमचूर बाजारात आणतात. त्यांच्या हाती पैसा आला की आमच्याकडे शिलाईचे कपडे येतात. पावसाळ्यात काम मंदावते, हप्ता मात्र थांबत नाही. म्हणून चांगल्या महिन्यांतच दोन हप्ते बाजूला काढून ठेवत होतो.

मंडळी आली, चटईवर बसून पोटभर जेवली. कपडे पेटीतच होते. कुणी काही म्हटले नाही. आईंनी मशीनवरून हात मात्र फिरवला. खाट वर्षभराने आली, रोखीने.

भगवान बुद्धांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली. त्यांत एक 'अनणसुख', म्हणजे कुणाचे देणे नसल्याचे सुख.

नवदांपत्यांनो, हप्ता किती एवढेच विचारू नका. एकूण किती भरायचे, व्याज कशावर लागते आणि एखादा हप्ता चुकला तर काय, हेही विचारा. उत्तर दोघांनी मिळून ऐका, मगच सही करा.