खात्रीचा भाव

न्यूयॉर्क येथे ११ सप्टेंबर २०१५ रोजी अमेरिकन खुल्या टेनिस स्पर्धेतील महिला एकेरीचा उपांत्य सामना होता. एका बाजूला जागतिक क्रमवारीत अग्रस्थानी असलेली सेरेना विल्यम्स. त्या वर्षीच्या ऑस्ट्रेलियन, फ्रेंच आणि विंबल्डन या तिन्ही स्पर्धा तिने जिंकल्या होत्या. चौथी जिंकल्यास एकाच वर्षात चारही स्पर्धा जिंकणारी ती १९८८ च्या स्टेफी ग्राफनंतरची पहिली खेळाडू ठरणार होती. दुसऱ्या बाजूला ४३ व्या क्रमांकाची, ३२ वर्षांची इटालियन रॉबर्टा विंची. आधीच्या चार लढतींत सेरेनाविरुद्ध तिला एकही सेट मिळाला नव्हता. यापेक्षा सोपे भाकीत ते कोणते असणार?

पहिला सेट सेरेनाने ६-२ असा घेतला. पुढचे दोन्ही विंचीने ६-४, ६-४ असे जिंकले. चेंडू कापून खाली ठेवणारा बॅकहँड आणि जाळ्याजवळचे चातुर्य, एवढ्या बळावर तिने सेरेनाची लय बिघडवली. सकाळी उठताना विजयाची कल्पना होती का, या प्रश्नाला विंचीने मैदानावरच ‘नाही’ असे उत्तर दिले. जिंकणारीलाच जे ठाऊक नव्हते, ते पैज लावणाऱ्याला कोठून ठाऊक असणार?

तथापि खरा मुद्दा भाकीत चुकण्याचा नाही, हिशेबाचा आहे. उदाहरणादाखल समजा, अशा सामन्यात बलाढ्य खेळाडूचा भाव १.०४ आणि दुबळीचा १२ आहे. पहिलीवर शंभर रुपये लावले आणि ती जिंकली, तर नफा चार रुपये. हरली तर शंभरही गेले. म्हणजे एका पराभवाची भरपाई करण्यास पंचवीस विजय हवेत. विनातारण कर्ज देऊन चार रुपये व्याजासाठी शंभराचे मुद्दल पणाला लावणारा सावकार पेढीवर किती दिवस टिकेल?

मग दुबळीवर पैसे लावावेत काय? शंभराला भावाने भागले की त्या भावात गृहीत धरलेली शक्यता कळते. पहिलीची ९६.१५ टक्के, दुसरीची ८.३३ टक्के, बेरीज १०४.४८. शक्यतांची बेरीज तर शंभरच असावयास हवी. वरचे साडेचार हा बुकीचा वाटा. भाव नीट बेतला आणि दोन्हीकडचा पैसा तोलून धरला, तर जिंकते कोण याची त्याला फिकीर नसते. भाकीत गिऱ्हाईक करतो, दुकान बुकी चालवतो. विंचीच्या विजयाने भारावून दुसऱ्या दिवशी अंतिम सामन्यात तिच्यावर पैसे लावणाऱ्यांनाही हेच कळले असेल. फ्लाविया पेनेटाने तिला ७-६, ६-२ असे हरवले.

‘व्यापारातही जोखीम असतेच ना?’ असे तरुण विचारतात. असते, परंतु भाव पडला तरी वखारीत माल उरतो, उधारी बुडाली तरी माणसाची पारख वाढते आणि देवघेवीत दोन्ही पक्षांचे काम होते. पैजेत एकाचा तोटा हाच दुसऱ्याचा नफा. मागे ना माल उरतो, ना पत. सप्तव्यसनांत द्यूताची गणना करणाऱ्या पूर्वजांनी हा जमाखर्च फार पूर्वीच मांडून ठेवला आहे.

आज तोच पट मुलांच्या हातातील फोनवर मांडला जातो. त्यांना नुसते ‘नको’ सांगण्यापेक्षा कागद-पेन्सिल देऊन ही बेरीज करावयास लावावी. व्यापाऱ्याच्या घरातील मूल हिशेबाला नाकारत नाही.