दारासमोरची अडीच फूट वाट

गेल्या पावसाळ्यात आमच्या वस्तीतल्या एका काकूंचा पाय मोडला. ॲम्ब्युलन्स पिंपरी पेंढारला कल्याण-नगर रस्त्यावर येऊन थांबली, पण गल्लीत शिरेना. चार पोरांनी काकूंना घोंगडीत घालून उचललं. आमच्या दारासमोर ती पोरं अडली, घोंगडी तिरकी करावी लागली आणि काकू किंचाळल्या. अडचण आमच्या ओट्याची होती.

मी समाजकार्य करते. वाट अडवली, रस्ता बंद केला, याचे अर्ज लिहिण्यात माझी बरीच वर्षं गेली आहेत. स्वतःच्या दाराकडे कधी टेप घेऊन पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी नमुना आठचा उतारा काढला आणि अण्णांच्याच टेपने मोजलं. अण्णा गवंडी. ओटा त्यांनी स्वतः बांधलेला. उताऱ्याच्या बाहेर अडीच फूट निघाला. अण्णा म्हणाले, "अगं, आपल्या दारापुढचं आपलंच असतंय की."

हे वाक्य ऐकून मी गप्प झाले, कारण ते मी आधी ऐकलं होतं. दुसऱ्या एका गावात, एका बागायतदाराच्या तोंडून. त्याच्या बंगल्यासमोरून आपल्या वस्तीची स्मशानाकडे जाणारी वाट होती. "आमच्या दारापुढून मयत न्यायची नाही," असं म्हणून त्याने वाटेवर पाण्याची टाकी बसवली होती. माणसं मयत घेऊन उसाच्या कडेने वळसा घालत होती. जुन्नर-आंबेगावात अंधार पडल्यावर उसाच्या कडेने जाणं म्हणजे काय, हे बिबट्याच्या भीतीने पोरांना घरात कोंडणाऱ्या आयांना विचारा.

त्या प्रकरणात मी कायदा तोंडपाठ सांगितला होता. जमीन महसूल संहिता 1966, कलम 20 : सार्वजनिक रस्ते, गल्ल्या, वाटा कुणाच्या कायदेशीर मालकीच्या नसतील तर त्या शासनाच्या. ग्रामपंचायत अधिनियम 1958, कलम 53 : रस्त्यावरचा अडथळा हटवण्याचा अधिकार पंचायतीला. ॲट्रॉसिटी कायद्यात 2015 च्या दुरुस्तीनंतर आपल्या माणसाला रस्ता, वाट, स्मशानभूमी वापरू न देणं हा स्पष्ट शब्दांत गुन्हा. शिवाय सार्वजनिक जागेवर अतिक्रमण करणारा ग्रामपंचायत सदस्य राहू शकत नाही. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे घरच्यांच्या अतिक्रमणात राहणाऱ्या सदस्यालाही लागू केलं. वस्तीतून निवडणुकीला उभं राहणाऱ्या पोरांनी हे लक्षात ठेवावं.

हा झगडा नवा नाही. महाडचं चवदार तळं आठवा. 20 मार्च 1927 ला बाबासाहेब ओंजळभर पाणी प्याले, एवढं आपण दरवर्षी सांगतो. पुढचा कोर्टातला भाग कमी सांगतो. तळ्याभोवती नगरपालिकेचे रस्ते होते, त्यांच्या पलीकडे बहुतेक स्पृश्यांची घरं, आणि त्यांतल्या अनेक घरमालकांच्या मालकीच्या तळ्याकाठच्या जमिनीच्या पट्ट्या आणि पायऱ्या. त्यावरून दावा असा लावला गेला की तळंच स्पृश्यांच्या खासगी मालकीचं. दहा वर्षं हे चाललं. 17 मार्च 1937 ला मुंबई उच्च न्यायालयाने त्यांचं अपील फेटाळलं. तळं नगरपालिकेकडचं ठरलं, आणि अस्पृश्यांना वगळण्याची पूर्वापार रूढी सिद्ध झाली नाही. काठावरची पायरी तुमची असेल, पण म्हणून तळं तुमचं होत नाही.

न्यूयॉर्क शहरात फुटपाथ सार्वजनिक असतो, पण तो दुरुस्त ठेवणं घरमालकाच्या अंगावर असतं. 2003 पासून कुणी तिथे पडून जखमी झालं तर भरपाईही बहुतेक इमारतींच्या मालकाकडे मागता येते, स्वतः राहणाऱ्यांची छोटी घरं तेवढी वगळून. म्हणजे मालकी नाही, पण जबाबदारी आहे. आपल्या गावगाड्यात नेमकं उलटं होतं. ज्याचं दार, त्याची वाटेवर सत्ता. आणि ती झाडायची कुणी? गावरस्ता, चावडी झाडणं महारवतनाच्या कामात. पेशवाईत पुण्यात अस्पृश्याच्या कमरेला झाडू बांधायला लावत, हे बाबासाहेबांनी 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये नोंदवलं आहे. ज्या वाटेवर चालायचा हक्क नाही, तीच आपल्या पावलांमागे झाडत जायची. वतन 1958 च्या कायद्याने गेलं. तरी आजही दारापुढचा पट्टा गाडी लावायला माझा, आणि त्यावरचा गाळ उचलायला पंचायतीचा सफाई कामगार. तो कामगार कोणत्या वस्तीतून येतो, हे या वाचकांना सांगायला नको.

इथे एक मित्र मला म्हणाला, "ताई, अतिक्रमणावर बोलू नकोस, आपलीच माणसं अडचणीत येतील." त्याचा मुद्दा खोटा नाही. भूमिहीनाने गायरान कसणं वेगळं. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली त्यासाठी हजारो माणसं तुरुंगात गेली. वस्त्या दाटीवाटीच्या झाल्या, कारण गावाने आपल्याला जागाच तेवढी सोडली. हे सगळं मान्य. पण ओट्यासाठी अण्णांनी अडीच फूट कुणाकडून घेतले? बागायतदाराकडून नाही, काकूंकडून. आणि त्या बागायतदारासमोर पुन्हा उभं राहायचं तर मला टेप आधी घरी लावणं भाग आहे, नाहीतर तो विचारेलच.

अण्णा पंधरा दिवस बोलले नाहीत. गवंड्याला स्वतःचं काम फोडायला सांगणं काय असतं ते मला तेव्हा कळलं. मग एका रविवारी सकाळी त्यांनी स्वतःच पहार घेतली. मजूर लावू दिला नाही. आतून फरशी वर आल्यावर म्हणाले, "माल चांगला वापरलेला, बघ, सहज निघत नाय." आईचं संध्याकाळी शेंगा निवडत बसायचं ठिकाण गेलं, त्याचा राग तिने माझ्यावर काढला. आता उंबऱ्याला लागून एकच पायरी आहे, उताऱ्याच्या आत.

गल्ली अजून मोकळी झालेली नाही. पुढच्या दोन घरांचे नळाचे कट्टे तसेच बाहेर आहेत. त्यातला एक काकूंच्या दिराचा. काकू आता काठी घेऊन चालतात आणि त्या कट्ट्यापाशी भिंत धरतात. मी अजून त्या घरी गेलेले नाही. अण्णा म्हणतात, "तू जाऊ नको, मी जातो. माझं आधी फुटलंय."