रडतराऊत कुठे गेले?

हल्ली कोणी कोणाला रडतराऊत म्हणत नाही. साठीच्या पुढच्यांना शब्द लगेच कळतो, पण घरात, कचेरीत किंवा कट्ट्यावर तो कानावर पडून बरीच वर्षं झाली. राऊत म्हणजे घोडेस्वार. खाली घोडा, कमरेला तलवार, आणि गडी मात्र निघाल्यापासून रडतोय. वाट लांबची आहे, खोगीर टोचतंय, घोड्याला चंदी कमी पडली, आणि समोरून येणारी धूळ जरा जास्तच दिसतेय. हा शब्द ज्याने पहिल्यांदा उच्चारला त्याने असा एखादा स्वार तळावर जवळून पाहिलेला असणार. 'रडत जाणार तो मेल्याची खबर आणणार' ही म्हणही त्याच्याच बरोबरच्या कोणाची तरी असावी.

माझ्या लहानपणी, म्हणजे सत्तरच्या दशकात, प्रत्येक मोठ्या कुटुंबात एक तरी राऊत असे. मराठीने या मंडळींची सोय फार बारकाईने लावली होती. नुसत्या आवाजाच्या शब्दांवरून कोण काय प्रतीचा आहे ते कळायचं. कुरकुर करणारा काम टाळत नसे. सांगितलेलं सगळं करायचा, फक्त करताना आवाज काढायचा. पिरपिर लहान मुलाची आणि भाद्रपदातल्या पावसाची, थांबत नाही आणि जोरही धरत नाही. भुणभुण करायला दुसऱ्याचा कान लागतो, एकट्याने ती करता येत नाही. धुसफूस दोन जावांमधली, आणि ती बाहेरच्या खोलीत बसलेल्यांना भांडी ठेवण्याच्या आवाजावरून समजायची. तणतणणाऱ्याला दार लागतं, आपटायला. आणि चडफड त्याची, ज्याचं कुठेच काही चालत नाही. यांतला एकही शब्द मी शाळेत शिकलेलो नाही. कोणता कोणाला लावायचा हे ऐकून ऐकून ठाऊक झालं, आणि चुकीचा लावला तर आजी दुरुस्त करायची: "तो किरकिऱ्या नाही रे, तो नुसता चिडका आहे."

आमच्या आत्याचे यजमान या खात्यातले अव्वल. पंगतीला बसले की पहिला घास ते सावकाश चावायचे आणि वाढणारे हात नकळत थबकायचे. "मीठ तेवढं बरोबर पडलंय," हे त्यांचं सर्वोच्च प्रशस्तिपत्र. एरवी भात मोकळा झाला तर कोरडा, मऊ झाला तर गिचका. पुरणपोळीत त्यांना जायफळ जास्त लागे, आणि पुढच्या होळीला आईने ते हात राखून घातलं तर 'वेलदोड्याची कंजुषी केलेली दिसते'. आम्ही मुलं त्यांच्या मागे त्यांची नक्कल करायचो आणि त्यांना ते माहीत होतं. कधी कधी त्यांच्यासमोरच कोणीतरी म्हणायचं, "काय राऊत, आज काय कमी पडलं?" तेही हसायचे. एक मात्र खरं, ते येणार असले की आई आमटी दोनदा चाखायची. त्या घरात वर्षानुवर्षं आमटी चांगली होत राहिली त्यात त्यांचा वाटा होता, असं मला आता वाटतं. हे मी तिथे कोणाला बोलून दाखवलेलं नाही.

लग्नकार्यात तर अशा माणसांसाठी वेळ राखून ठेवलेला असे. मुहूर्ताच्या आदल्या रात्री भावकीतला कोणीतरी रुसणार, हे यजमानांनी गृहीत धरलेलं. अक्षतांचं बोलावणं उशिरा आलं, पत्रिकेत नाव खाली छापलं, टॉवेल-टोपी दिली पण टोपी डोक्याला घट्ट, मांडवात आलो तर कोणी 'या' म्हणालं नाही. मग दोघं-तिघं वडीलधारे त्याच्या घरी, नाहीतर तो जिथे उपरणं झटकून बसलाय त्या झाडाखाली जायचे. तासभर मनधरणी, चहा, जुनी उणीदुणी, आणि शेवटी "चला, तुमच्याशिवाय मुहूर्त लागतोय होय!" हे वाक्य. मुहूर्त त्याच्याशिवायही लागला असता, हे त्यालाही कळत होतं. पण ते वाक्य ऐकल्याशिवाय तो उठायचा नाही, आणि ते म्हटल्याशिवाय कोणी परतायचं नाही. वरपक्षाकडच्या विहिणीचा रुसवा हा स्वतंत्र विभाग होता. त्याच्या तपशिलात शिरत नाही, कारण आमच्या घरात त्या विषयावर अजून एकमत नाही.

आज लग्न कार्यालयात होतं. केटरर दारात उभा राहून अभिप्रायाची वही पुढे करतो, नाहीतर मोबाइलने टिपायचा तो चौकोनी कोड. रुसायला सवड नाही, कारण संध्याकाळी सहाला हॉल दुसऱ्या पार्टीला द्यायचा असतो. ज्याला राग आला तो रिसेप्शनला येतच नाही, आणि आला नाही हे कोणाच्या लक्षातही येत नाही.

अतृप्त आत्मा हा दुसरा शब्द, जरा काळसर. दहाव्याच्या दिवशी घाटावर पिंड ठेवतात आणि कावळा शिवायची वाट पाहतात. तो फांदीवर बसून राहिला, खाली आलाच नाही, की माणसं कुजबुजायला लागतात: काय राहिलं असेल? मग मुलगा हात जोडून मोठ्याने सांगतो, धाकटीचं लग्न करीन, शेताचा बांध उकरून भांडणार नाही, आईला अंतर देणार नाही. कधी खरोखरच त्यावर कावळा उतरतो. नाहीच उतरला तर दर्भाचा कावळा करून शिवून घेतात आणि मंडळी घरी जातात. जिवंतपणी ज्याला कशानेच समाधान नाही त्याला आपण अतृप्त आत्मा म्हणायला लागलो ते इथून. त्या शब्दात थट्टा आहे, पण याचं काहीतरी राहून गेलंय आणि ते विचारायला हवं, ही जाणीवही आहे.

समूहाच्या बाबतीत मात्र मराठीचा न्याय वेगळा. लंडनच्या 'टाइम्स'चा पत्रकार व्हॅलेंटाइन चिरोल याने १९१० साली 'इंडियन अनरेस्ट' या पुस्तकात टिळकांना हिंदी असंतोषाचे जनक ठरवलं. त्याच्या लेखी तो ठपका होता. टिळकांनी त्याच्यावर बदनामीचा दावा लावला, त्यासाठी १९१८ मध्ये विलायतेला गेले आणि १९१९ मध्ये खटला हरले. महाराष्ट्राने निकालाकडे दुर्लक्ष करून ठपक्याचीच पदवी केली. १ ऑगस्टला टिळक पुण्यतिथीच्या भाषणात आम्ही 'भारतीय असंतोषाचे जनक' हे शब्द छाती पुढे काढून म्हणायचो. देश असंतुष्ट असला तर ते जागेपणाचं लक्षण, आणि आत्याचे यजमान असंतुष्ट असले की ते राऊत. शाळकरी वयात यात काही विसंगत वाटलं नाही.

ऐंशीच्या दशकात 'असंतुष्ट' हा शब्द वर्तमानपत्रांनी ताब्यात घेतला. महाराष्ट्रात १९८० ते १९८८ या काळात अंतुले, बाबासाहेब भोसले, वसंतदादा, निलंगेकर, शंकरराव चव्हाण आणि शरद पवार असे सहा मुख्यमंत्री झाले. प्रत्येक बदलाची कारणं वेगळी होती. अंतुल्यांना न्यायालयाच्या निकालामुळे जावं लागलं, निलंगेकरांना गुणवाढीच्या प्रकरणामुळे. पण बातमी कुठलीही असो, तिच्यात असंतुष्ट असायचेच. असंतुष्ट दिल्लीला रवाना. असंतुष्टांची श्रेष्ठींकडे धाव. दिल्लीहून निरीक्षक येणार, असंतुष्टांची मतं अजमावणार. मी ते वाचत असताना डोळ्यांपुढे आमच्या भावकीतली मंडळीच यायची, झाडाखाली उपरणं झटकून बसलेली, फक्त झाड दिल्लीतलं. वडील पेपर खाली ठेवून म्हणायचे, "यांना खातं दिलं की झाले संतुष्ट." शब्दाला निदान एक कणा होता. असंतुष्ट म्हटला की गट आला, गटाचा नेता आला आणि त्याचं म्हणणं काय हे बातमीच्या तिसऱ्या परिच्छेदात आलं.

आता तिथे 'नाराज' आहे. अमुक नाराज, तमुक नाराज असल्याची चर्चा, आणि मग 'नाराजीनाट्य'. त्याच्या जोडीला आला 'नॉट रिचेबल'. पूर्वीचा असंतुष्ट सापडायचा, उलट सापडण्यासाठीच तो आमदार निवासाच्या व्हरांड्यात उभा असायचा. आजचा नाराज फोन बंद करतो आणि फोन बंद आहे हीच बातमी होते. संध्याकाळी फोन लागतो आणि तो सांगतो, मी नाराज नाहीच, बॅटरी संपली होती. कशावर नाराज होता ते शेवटपर्यंत कळत नाही.

आत्मेही राजकारणात आहेतच. २०२४ च्या लोकसभा प्रचारात पुण्याच्या सभेत पंतप्रधान मोदींनी नाव न घेता 'भटकती आत्मा' म्हटलं, आणि रोख पवारांकडे आहे असं सगळ्यांनी धरलं. वाद व्हायचा तो झाला. पण नंतर कित्येक दिवस मराठी वाहिन्यांवर तो आत्मा स्त्रीलिंगी होऊनच भटकत होता. हिंदीत आत्मा स्त्रीलिंगी, आपल्याकडे 'तो' आत्मा. लिंगासाठी संपादकाशी वाद घालणारा, हाताला शाई लागलेला एखादा खवट मुद्रितशोधक मला तेव्हा फार आठवला. तो असता तर त्यालाही किरकिऱ्याच म्हटलं असतं.

तक्रार करण्याची रीतही बदलली. एसटीत वाहकाकडे तक्रार पुस्तक असल्याची पाटी असायची आणि ते मागणारा गाडीत एखादाच. तो उभा राहिला की गाडी थांबायची, बाकीचे उसासे टाकायचे. वर्तमानपत्राला पत्र लिहायचं तर १५ पैशांचं कार्ड, बारीक अक्षर आणि खाली नाव-गाव. 'लोकमानस'मध्ये किंवा 'बहुतांची अंतरे'मध्ये ते छापून आलं की गावातल्या नळाविषयी कोणाला काय म्हणायचंय हे सहीनिशी कळायचं. पुढे ग्राहक पंचायतीची चळवळ आली, बिंदुमाधव जोशींनी ती पुण्यातून उभी केली, आणि १९८६ मध्ये ग्राहक संरक्षण कायदा झाला. वजनात मारलेला काटा दाखवणाऱ्याला दुकानदार 'कटकट्या' म्हणत होता, त्याच्या हाती कायद्याचा कागद आला. ही फार चांगली गोष्ट झाली, तिच्याबद्दल मला जुन्या दिवसांचं काहीही प्रेम नाही.

पण मग सगळेच तारे द्यायला लागले. हॉटेलला तीन, डॉक्टरला चार, देवस्थानाच्या पार्किंगला एक. सोसायटीच्या ग्रुपवर सकाळी 'शुभ प्रभात' आणि दुपारी लिफ्ट, कचरा, वरच्या मजल्यावरचं कुंडीचं पाणी. सगळेच घोड्यावर आणि सगळेच रडताहेत म्हटल्यावर वेगळं कोणाला निवडून रडतराऊत म्हणायचं? त्या शब्दाला आजूबाजूला न रडणारी फौज लागत होती.

ज्याला अजूनही निवडायचंच असतं त्याच्यासाठी नवीन शब्द आले आहेत. तो 'निगेटिव्ह' आहे, ती 'टॉक्सिक' आहे. हे शब्द मला खटकतात ते इंग्रजी म्हणून नाही. कोणाला रडतराऊत म्हटलं की तो पंगतीत राहायचा, उलट त्याच्या पानापाशी दोघं जास्त घुटमळायचे. निगेटिव्ह म्हटल्यावर पुढचा सल्ला ठरलेला असतो: लांब राहा. आत्याच्या यजमानांना आज कोणी ताटावरून 'काय राऊत' म्हणणार नाही. त्यांना न कळवता फॅमिली ग्रुपचा दुसरा ग्रुप निघेल.

हे सगळं लिहिताना जुन्या शब्दांची एक बाजू मला सोडता येत नाही. आत्याचे यजमान 'चोखंदळ' म्हणूनही खपून जात. पुरुष तणतणला तर स्वभाव कडक पण मनाने चांगला. बाई बोलली की किरकिर, कटकट, भुणभुण, आणि एकदा शब्द चिकटला की ती काय म्हणतेय ते ऐकायची गरज संपायची. आमच्या घरातल्या मोरीचा उतार उलटा आहे असं आई सांगत राहिली. पाणी भिंतीशी साचतं, ओल चढते, धुणं धुताना कंबर मोडते. "तुझी भुणभुण सुरू झाली," एवढंच उत्तर तिला मिळायचं, आणि देणाऱ्यांत मीही होतो. पुढे घर पाडायला काढलं तेव्हा गवंड्याने मोरीपाशी उभं राहून पहिलंच वाक्य उच्चारलं, "हा उतार कोणी काढला हो?" आई तिथेच होती. तिने फक्त पदर खोचला.

आता तिच्या हातात नातवाने मोबाइल दिलाय. टाइप करायचा तिला कंटाळा येतो, म्हणून ती बोलते आणि तो अक्षरं उमटवतो. मिक्सर, छत्री, गुडघ्याचा पट्टा, सगळ्यांवर तिचे अभिप्राय आहेत. गेल्या आठवड्यात फरशी पुसायच्या काठीवर तिने लांबलचक मजकूर सांगितला: काठी आखूड, वाकावं लागतं, पिळायचं फडकं सुटतं, आणि हे ज्याने बनवलं त्याने स्वतः कधी फरशी पुसलेली दिसत नाही. नातू म्हणाला, "आजी, जरा निगेटिव्ह होतंय, शेवटी काहीतरी चांगलं लिहू या." तिने विचार केला आणि सांगितलं, "लिही, रंग बरा आहे. तारे दोनच दे."