जादूचं बिल कोण भरतं?

सध्या माझे सगळे शनिवार-रविवार एका गेममध्ये चाललेत. खेळण्यात नाही हो, बनवण्यात. कॉलेजातला एक मित्र आणि मी मिळून एक कल्पित जग रचतोय. तिथली जादू उजेडावर चालते. मांत्रिक काचेच्या गोळ्यांत उजेड भरून ठेवतात. त्यावर जहाजं चालतात, जखमा भरतात, शहरं रात्रभर झगमगतात. कल्पना शंभर टक्के आमची असा दावा नाही. ब्रँडन सँडरसनच्या 'स्टॉर्मलाइट' मालिकेत (पहिला भाग २०१०) वादळातला उजेड रत्नांमध्ये साठतो. त्यावर जादू चालते, यंत्रं चालतात आणि बाजारात नाणी म्हणूनही तीच रत्नं चालतात.

फॅन्टसी वाचणाऱ्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक असते. जादू फुकट नको, नाहीतर गोष्टीत मजा उरत नाही. मग लेखक काय करतात, तर किंमत मांत्रिकाकडूनच वसूल करतात. त्याचं रक्त, त्याचं आयुष्य, त्याच्या आठवणी. आम्हीही तेच लिहिलं: एक गोळा भरला की मांत्रिकाचं एक वर्ष कमी. मित्र जाम खूश. मला मात्र ते काही केल्या पटेना. कारण मी बेटेगावचा, आणि उजेडाची जादू आमच्या शेजारीच राहते.

जादू हा शब्द मी उगाच वापरत नाहीये. निर्वात जागेत उजेड सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर जातो, त्याच्यापुढे कोणी जाऊ शकत नाही. पण पाण्यात त्याचा वेग सव्वादोन लाखांच्या आसपास येतो. अणुइंधन पाण्यात असताना काही इलेक्ट्रॉन तिथल्या उजेडापेक्षा जोरात पळतात, आणि वेगाने जाणाऱ्या होडीमागे लाट उठावी तसा त्यांच्यामागे निळा उजेड उठतो. १९३४ साली चेरेन्कोव्ह या रशियन शास्त्रज्ञाने तो अभ्यासला, १९५८ मध्ये त्याला दोन सहकाऱ्यांसह नोबेल मिळालं. आपल्याकडे ट्रॉम्बेला १९५६ मध्ये जी पहिली अणुभट्टी सुरू झाली ती पाण्याच्या हौदातलीच होती. तो निळा उजेड बघून नेहरूंनी तिचं नाव ठेवलं 'अप्सरा'. आता सांगा, आमच्या गेमला याहून भारी नाव सुचेल का?

तारापूरची भट्टी मात्र कामकरी बाई. १९६९ पासून देशातली पहिली अणुवीज इथून निघाली. तत्त्व अगदी स्वयंपाकघरातलं: अणू फोडून पाणी उकळायचं, वाफेने टर्बाईन फिरवायचं, समुद्राच्या पाण्याने वाफ पुन्हा थंड करायची. पुढे २००५-०६ मध्ये तिथेच ५४० मेगावॅटच्या दोन नव्या भट्ट्या चालू झाल्या.

नेमक्या त्याच वर्षांत आम्ही पोरं कंदिलाच्या उजेडात पाढे पाठ करत होतो. लोडशेडिंग! दिवसातले कित्येक तास वीज गायब. डोक्यावरून जाडजूड तारा मुंबईच्या दिशेने गेलेल्या आणि मुंबई शहर लोडशेडिंगमधून वगळलेलं. 'दिव्याखाली अंधार' ही म्हण मराठीच्या बाईंनी शिकवली तेव्हा वर्गात खसखस पिकली होती. अर्थ कोणालाच समजावून सांगावा लागला नाही.

आता इंजिनिअर झाल्यावर ग्रिड म्हणजे काय ते कळतं. वीज एकदा तारेत शिरली की ती कुठल्या गावची ते सांगता येत नाही, आणि भट्टी शेजारी आहे म्हणून शेजाऱ्याला आपोआप आधी वीज मिळत नाही. तांत्रिकदृष्ट्या सगळं बरोबर. शिवाय या प्रकल्पाने आमच्या भागात नोकऱ्या आणल्या, वसाहत आली, बोईसरचा बाजार वाढला, हेही खरंच. ज्यांच्या घरी पगार आला त्यांना विचारलंत तर ते भट्टीला नावं ठेवणार नाहीत.

पण त्या दोन नव्या भट्ट्यांसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही दोन गावं उठली. मच्छीमारांची, शेतकऱ्यांची घरं. पुनर्वसनाचं भांडण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेलं. समुद्रावर जगणाऱ्या माणसाला दुसरीकडे घर बांधून देता येतं, पण दाराशी असलेला समुद्र कसा उचलून देणार? त्याची भरपाई कुठल्या रकान्यात लिहायची?

तर मित्राला मी हेच म्हटलं. आपल्या मांत्रिकाचं एक वर्ष कमी होतं हे फारच सोयीचं आहे रे. ज्याने जादू केली त्यानेच किंमत मोजली, हिशेब मिटला, खेळणारा सुखाने झोपला. खऱ्या जगात गोळा भरणारा एक, उजेड वापरणारा दुसरा आणि घर सोडणारा तिसराच. तिघांची कधी गाठसुद्धा पडत नाही. मी ज्या एसी हापिसात बसून कोड लिहितो तिथल्या विजेत तारापूरचा वाटा किती, हे मला कोणी विचारलेलं नाही आणि बिलावरही तसं काही छापलेलं नसतं.

मित्र म्हणाला, "मग गेम खेळणार कोण? लोकांना मजा हवी असते." मुद्दा चुकीचा नाही. तासभर वाद झाला, दोन कटिंग झाले, शेवटी तडजोड निघाली. मांत्रिकाचं वर्ष कमी होणं रद्द. त्याऐवजी प्रत्येक गोळ्यावर एका गावाचं नाव कोरलेलं असेल. गोळा वापरला की नकाशावरचं ते गाव विझेल. आणि पुढच्या टप्प्यावर जायचा रस्ता त्याच गावातून जाईल, वळसा घालायची सोय नाही. तिथे कोण भेटतं, ते काय बोलतात, हे अजून लिहायचंय. तेच सगळ्यात अवघड जाणार आहे.

गेममधली गावांची नावं काल्पनिकच आहेत. पण जिथे ती यादी सुरू होते तिथे कोडमध्ये मी एक कॉमेंट टाकून ठेवलीये: अक्करपट्टी, पोफरण. मित्राने ती पाहिली, काढली नाही.

असो. पुढच्या शनिवारी संवाद लिहायला बसायचंय.